न सांगितलेले दुखणे

(बी. ए. भाग २)

आपल्या महाविद्यालयाच्या वार्षिकांकात प्रवासवर्णने येतात, संतांवरील लेख येतात, कथा-कविता येतात. संडासवाटे जाणाऱ्या रक्ताविषयी कोणी लिहिलेले मात्र माझ्या पाहण्यात नाही. मराठीच्या सरांना मी हा विषय मान खाली घालूनच सांगितला. सर क्षणभर थांबले आणि म्हणाले, "लिही. पण आडपडदा ठेवून लिहू नकोस, नाहीतर लिहिण्यात अर्थ नाही." म्हणून स्पष्ट लिहीत आहे. वाचकांनी सांभाळून घ्यावे.

मी विज्ञान शाखेची विद्यार्थिनी नाही. माझे विषय मराठी, इतिहास आणि अर्थशास्त्र. परंतु आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच असल्यामुळे घरात येणारा प्रत्येक कागद, मग तो रेशनचा असो, विजेच्या बिलाचा असो की डॉक्टरांचा, वाचायला माझ्याच हातात येतो. बाबांच्या आजाराचे कागदही असेच माझ्याकडे आले. त्यांतले शब्द कळेनात म्हणून मी वाचत गेले, डॉक्टरांना विचारत गेले. जे कळले ते आपल्यापुढे ठेवते.

आमच्या घरची हकीकत

आम्ही मोर्णेच्या पलीकडे, जुन्या शहरात राहतो. राजराजेश्वराचे मंदिर आमच्या घरापासून पायी दहा मिनिटांवर. वाड्यात चार बिऱ्हाडे आणि चौघांत मिळून एक संडास. बाबा डाळमिलमध्ये हमाली करीत. पाठीवर पोते घेऊन फळीवरून चढणारा माणूस. त्यांना कधी आजारी पाहिल्याचे मला आठवत नाही.

मी बारावीत असताना बाबा पहाटे सर्वांच्या आधी उठू लागले. संडासात एक बादली जास्त पाणी न्यायचे. तिखट खाणे सोडले, ताक वाढवले. आईला वाटले, उष्णता झाली असेल. वस्तुतः त्यांना रक्त जात होते आणि ते त्यांनी चौदा महिने कोणालाही सांगितले नाही. मिलमधल्या एका सोबत्याकडे तेवढे बोलले. त्याने मूळव्याधीचा पत्ता दिला. तिथे दर पंधरा दिवसांनी पुड्या मिळायच्या. पैसे घेतले जायचे, पण तपासणी एकदाही झाली नाही.

एके दिवशी पाठीवर पोते असतानाच बाबांना भोवळ आली. रक्त तपासले तर हिमोग्लोबिन सहा. मग ज्या डॉक्टरांकडे नेले त्यांनी बाबांना कुशीवर झोपवले आणि हातमोजा घालून गुदद्वारातून बोटाने तपासले. दोन मिनिटांचे काम. बोटाला गाठ लागली. त्यानंतर दुर्बीण झाली, तुकडा तपासायला गेला आणि निदान आले : गुदाशयाचा कर्करोग, तिसरी पायरी. बाबांचे वय तेव्हा शेहेचाळीस होते.

"आधी काऊन नाही सांगतलं?" आईने विचारले. बाबा म्हणाले, "हे काय पोरीबाळीच्या घरात सांगाची गोष्ट हाये का?"

मुंबईला टाटा रुग्णालयात जायचे ठरले. रात्रीच्या गाडीने आम्ही दादरला उतरलो आणि गाडगे महाराजांच्या धर्मशाळेत राहिलो. शेंडगावात, म्हणजे आपल्याच अमरावती जिल्ह्यात, १८७६ साली जन्मलेल्या त्या माणसाने गावोगावची घाण स्वतःच्या खराट्याने काढली. त्याच्याच नावाच्या छपराखाली आपल्या वऱ्हाडातली आणि दूरदूरची कर्करोगाची माणसे दाटीवाटीने राहत होती. तिथे बायका-पुरुष संध्याकाळी बसून कोणाला किती वेळा होते, कोणाची पिशवी कुठे गळते, हे उघड बोलत. बाबा तिथे पहिल्यांदा बोलले.

आधी किरणोपचार, मग शस्त्रक्रिया. शौचाचा मार्ग आता पोटावर काढलेला आहे आणि तिथे पिशवी लावावी लागते. बाबा बरे आहेत. पोते उचलत नाहीत. मिलच्या दारावर बसून पोत्यांची मोजदाद करतात. डॉक्टरांनी एवढेच सांगितले, की वर्षभर आधी आला असता तर कदाचित पिशवी टळली असती.

घरी जाताना मिळालेल्या कागदावर शेवटी एक ओळ होती : रुग्णाचे भाऊ, बहिणी व मुले यांनी योग्य वयात तपासणी करून घ्यावी. त्या ओळीमुळे मी पुढचे सगळे वाचले.

आतड्यात काय घडते

आपले मोठे आतडे सुमारे पाच फूट लांब असते. त्याचा शेवटचा वीतभर भाग म्हणजे गुदाशय. आतड्याच्या आतील अस्तरावर वय वाढता वाढता कधी कधी चामखिळीसारखी बारीक वाढ होते. तिला पॉलिप म्हणतात. बहुतेक पॉलिप जन्मभर निरुपद्रवी राहतात. काही थोडे मात्र हळूहळू वाढतात आणि त्यांतून कर्करोग होतो. या प्रवासाला सर्वसाधारणपणे दहा वर्षांच्या आसपास काळ लागतो. त्या काळात दुखत नाही, खुपत नाही. फार तर थोडे रक्त झिरपते आणि ते डोळ्यांना दिसतही नाही.

या रोगाचे वैशिष्ट्य यातच आहे. पॉलिप असतानाच तो काढून टाकला तर कर्करोग होतच नाही. म्हणजे इथे तपासणीने रोग लवकर सापडतो इतकेच नव्हे, तर तो टळूही शकतो.

हे ज्या साधनाने साधते ते कोलोनोस्कोपी, आपल्याकडच्या बोलीत 'खालून दुर्बीण टाकणे'. बोटाएवढी जाड, लवचिक नळी. तिच्या टोकाला दिवा व कॅमेरा. आदल्या दिवशी हलके खायचे. नंतर पाण्यात पूड मिसळून ते द्रावण लिटरभराहून जास्त प्यायचे, म्हणजे जुलाब होऊन आतडे स्वच्छ होते. तपासणीच्या वेळी गुंगीचे इंजेक्शन देतात. अर्ध्या तासात काम होते. पॉलिप दिसला तर नळीतूनच तारेचा फास घालून तो कापून काढतात. हा फास सर्वप्रथम न्यूयॉर्कमध्ये हिरोमी शिन्या व विल्यम वोल्फ या दोन डॉक्टरांनी १९६९ साली वापरला. आपल्या अकोल्याचे कृषी विद्यापीठही त्याच सालचे. म्हणजे हे तंत्र काही कालपरवाचे नव्हे.

धोका अगदीच नाही असे नाही. क्वचित रक्तस्राव होतो, त्याहून क्वचित आतड्याला छिद्र पडते. म्हणून ती कुशल हातांनीच व्हावी लागते.

चाळणी कोणासाठी?

येथे एक फरक ध्यानात घेतला पाहिजे. त्रास असलेल्या माणसाची तपासणी म्हणजे निदान. काहीच त्रास नसलेल्या माणसांची ठरावीक वयात केलेली तपासणी म्हणजे चाळणी. बाबांचे झाले ते निदान. परदेशांत जी चर्चा चालते ती बहुधा चाळणीची.

अमेरिकेत पूर्वी ही चाळणी पन्नाशीला सुरू करावी असे म्हणत. तरुणांमध्ये रोग वाढू लागल्याने तेथील तज्ज्ञमंडळाने २०२१ साली ते वय पंचेचाळीसवर आणले. पंचाहत्तरीपर्यंत दर दहा वर्षांनी दुर्बीण, किंवा दरवर्षी शौचाची तपासणी, असे पर्याय त्यांनी दिले आहेत. शौचाच्या या तपासणीला 'फिट' म्हणतात. घरच्या घरी काडीने थोडा नमुना घ्यायचा व बाटलीत घालून द्यायचा. डोळ्यांना न दिसणारे माणसाचे रक्त त्यात असेल तर ते कळते. रक्त सापडले तरच दुर्बीण. इंग्लंडमध्ये पन्नास ते चौऱ्याहत्तर वयाच्या लोकांना ही बाटली दर दोन वर्षांनी पोस्टाने घरी येते. जपानमध्ये १९९२ पासून चाळिशीपुढील लोकांसाठी ही तपासणी दरवर्षी ठेवलेली आहे.

आता वाचक म्हणतील, मग आपल्याकडेही पंचेचाळिशीला सर्वांना दुर्बीण घाला. मलाही आधी तसेच वाटले. परंतु अर्थशास्त्राच्या तासाला शिकलेले थोडे वापरून हिशेब मांडला. २०११ च्या जनगणनेप्रमाणे अकोला जिल्ह्याची लोकसंख्या अठरा लाखांच्या वर होती. त्यांपैकी पाचवा हिस्सा पंचेचाळीस ते पंचाहत्तर वयाचा धरला तर साडेतीन लाख माणसे होतात. प्रत्येकाची दहा वर्षांतून एक दुर्बीण म्हटले तरी वर्षाला पस्तीस हजार. तीनशे दिवस काम धरले तर रोज शंभरावर. हा माझा ढोबळ अंदाज आहे, पण तेवढ्यावरूनही कळते की हे आपल्या जिल्ह्याला झेपणारे नाही.

दुसरे असे, की आपल्याकडे हा रोग त्या देशांच्या मानाने कमी आहे. भारतात लाख लोकांमागे वर्षाला पाचच्या आसपास माणसांना तो होतो. अमेरिका व पश्चिम युरोपात हे प्रमाण पाच-सहापट आहे. तरीही आपली लोकसंख्या एवढी, की देशात वर्षाला सुमारे सत्तर हजार नवे रुग्ण होतात. शिवाय आपल्याकडील रुग्ण वयाने तरुण. टाटा रुग्णालयातील आठशे रुग्णांची एक पाहणी २०१७ साली प्रसिद्ध झाली. त्यांचे सरासरी वय सत्तेचाळीस होते आणि निम्म्याहून अधिक जणांना रक्त जाण्याची तक्रार होती. ते वाचताना मला बाबाच दिसले.

यासाठीच मला कपाशीचे उदाहरण पटते. २०१७ साली गुलाबी बोंडअळीने विदर्भात केवढे नुकसान केले ते शेतकऱ्यांच्या मुलांना सांगायला नको. बोंड वरून हिरवेगार, आत अळी. म्हणून कोणी शेतातली सगळी बोंडे फोडत नाही. आधी कामगंध सापळे लावतात. त्यांत पतंग जास्त सापडू लागले की मग काही हिरवी बोंडे फोडून पाहतात. 'फिट' म्हणजे सापळा आणि दुर्बीण म्हणजे बोंड फोडणे. आणि ज्या झाडाचे बोंड किडलेले दिसतेच आहे, तिथे सापळ्याची वाट पाहत बसायचे नसते. ते ताबडतोब फोडायचे. रक्त जाणारा माणूस हे ते झाड.

आपली यादी आणि आपली ऐपत

२०१६ साली केंद्र सरकारने कर्करोगाच्या चाळणीची पद्धत ठरवून दिली. तीस वर्षांपुढील लोकांची तोंडाची, आणि स्त्रियांची स्तनाची व गर्भाशयमुखाची तपासणी, असे तीन कर्करोग त्यात आहेत. मोठे आतडे त्यात नाही. हे तीन आपल्याकडे अधिक आढळतात आणि त्यांची तपासणी कमी खर्चात, गावात होऊ शकते, हे त्याचे कारण असावे.

ती होऊ शकते हे आपल्या महाराष्ट्रानेच दाखवले आहे. बार्शीला १९८७ मध्ये देशातील पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. त्या काळच्या उस्मानाबाद, आताच्या धाराशिव जिल्ह्यात एक लाख तीस हजारांहून अधिक स्त्रियांवर अभ्यास झाला. गर्भाशयमुखाच्या विषाणूची एकच तपासणी केल्याने मृत्यू जवळजवळ निम्मे झाले, असा निष्कर्ष २००९ साली निघाला. मुंबईच्या झोपडपट्ट्यांत वस्तीतल्याच, बेताचे शिक्षण झालेल्या स्त्रियांना शिकवून तपासणी केली; तेथे गर्भाशयमुखाच्या कर्करोगाचे मृत्यू एकतृतीयांशाच्या आसपास कमी झाले. हे सगळे मोठ्या यंत्रांनी झालेले नाही. घरोघर जाऊन विचारणाऱ्या, समजावणाऱ्या बायांनी केले आहे.

मग मोठ्या आतड्यासाठी आज आपल्याला काय परवडेल? माझ्या अल्पमतीप्रमाणे सरसकट दुर्बीण नव्हे. आधी दोनच गट पाहावेत : ज्यांना रक्त जाते ते, आणि ज्यांच्या घरात हा रोग झाला आहे ते. पण या थोड्यांच्याही वाटेत अडथळे आहेत. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत कर्करोगाची शस्त्रक्रिया व औषधोपचार होतात. बाबांनाही त्या योजनेचा आधार झाला. परंतु रोग अजून झालेला नाही अशा धडधाकट माणसाने दुर्बीण करून घ्यायची म्हटली तर पैसा पदरचा. माझे काका गवंड्याच्या हाताखाली काम करतात. खाजगीत दुर्बिणीचा खर्च मी विचारून आले. तो काकांच्या पंधरा दिवसांच्या मजुरीएवढा भरतो. वर दोन दिवसांचा रोज बुडतो तो वेगळाच.

आणखी एक अडचण आहे, ती पुस्तकात लिहिलेली सापडत नाही. रात्री आणि पहाटे जुलाबाचे पाणी प्यायचे, आणि वाड्यात चार बिऱ्हाडांत एक संडास! ज्यांच्या खोलीला लागून संडास आहे त्यांना हा प्रश्न सुचणारही नाही.

आणि सर्वांत मोठा अडथळा लाजेचा. ती आपलीच आहे असे मला वाटत होते. पण पोलंड, नॉर्वे व स्वीडनमध्ये एक मोठा अभ्यास झाला, त्याचा निकाल २०२२ साली आला. दुर्बिणीचे रीतसर निमंत्रण घरी पाठवूनही शंभरातले बेचाळीसच लोक गेले. तरीसुद्धा निमंत्रण मिळालेल्या सर्वांचा गट पाहिला तर दहा वर्षांत रोगाचा धोका अठरा टक्क्यांनी कमी भरला. फायदा खरा आहे, पण तो जाणाऱ्याच्याच पदरात पडतो.

आपण काय करावे

विद्यार्थिमित्रहो, संडासवाटे जाणारे बहुतेक रक्त मूळव्याधीचेच असते. तेव्हा घाबरून जाण्याचे कारण नाही. परंतु मूळव्याध आहे हे कोणी तपासल्यावर ठरावे, न तपासता नव्हे. बोटाने तपासणी कोणताही एम. बी. बी. एस. डॉक्टर करू शकतो. तिला यंत्र लागत नाही. पुड्या देणाऱ्याने हे केले नसेल तर त्याची पुडी घेऊ नये. रक्त जाणे, शौचाची सवय काही आठवडे बदललेली राहणे, पोट साफ न झाल्याची भावना सतत राहणे, कारण नसताना वजन घटणे, रक्त कमी होऊन थकवा येणे : यांपैकी काही असेल तर सांगावे. घरात सांगवत नसेल तर आशाताईंना सांगावे, पण सांगावे.

ज्याच्या आईला, वडिलांना, भावाला वा बहिणीला हा रोग झाला असेल त्याने चाळिशीला, किंवा त्या माणसाला ज्या वयात रोग सापडला त्याच्या दहा वर्षे आधी, यांतले जे अगोदर येईल तेव्हा दुर्बीण करून घ्यावी आणि दर पाच वर्षांनी पुन्हा करावी, असे तज्ज्ञ सांगतात. काही घराण्यांत हा दोष वारशाने उतरतो. तिथे विशी-पंचविशीपासूनच तपासावे लागते. बाबांच्या गाठीची तशी तपासणी झाली, तसा वारसा निघाला नाही. तेव्हा माझा हिशेब सोपा आहे : शेहेचाळीस वजा दहा, छत्तीस. मला अजून सतरा वर्षे आहेत. माझ्या धाकट्या भावाला एकवीस. मी दोन्ही साले वहीत लिहून ठेवली आहेत.

काका मात्र बेचाळीस वर्षांचे आहेत. त्यांची वेळ होऊन गेली आहे. मी पहिल्यांदा विषय काढला तेव्हा ते हसले. "मले काय झालं? बिमारी नसताना दुर्बीण टाकून घेनं म्हंजे बिमारीले घरी बलावनं हाये." मी समजावले, काकूंनी समजावले, उपयोग झाला नाही. शेवटी बाबांनी त्यांना खोलीत बोलावले. सदरा वर केला आणि पोटावरची पिशवी दाखवली. दोघे भाऊ बराच वेळ आत बसले होते. काय बोलले ते मला माहीत नाही.

डाबकी रोडला मावशीकडे स्वतंत्र संडास आहे. आदल्या रात्री काका तिच्याकडे राहणार आहेत. पैशांपैकी निम्मे बाबांनी दिले. तारीख मिळाली आहे, पण ती हा अंक छापायला गेल्यानंतरची आहे. त्यामुळे काय निघाले ते या लेखात सांगता येत नाही. आपल्यापैकी ज्यांच्या घरी पहाटे कोणी एक बादली जास्त पाणी घेऊन जात असेल, त्यांनी मात्र आज घरी गेल्यावर विचारावे, एवढीच विनंती.